ब्लोअर फक्त चारवर

आषाढातली गोष्ट. आईला माणगावजवळच्या आमच्या गावाहून पुण्याला आणत होतो. विळ्यापर्यंत पाऊस सोसवेल इतका होता. पुढे ताम्हिणीचा चढ लागला आणि वायपर पूर्ण वेगात फिरत असूनही समोरची गाडी दिसेना. त्यात काचेवर आतून वाफ धरायला लागली. ब्लोअरचा, म्हणजे डॅशबोर्डमधून हवा सोडणाऱ्या पंख्याचा, नॉब एकवर होता, तो दोनवर केला. काहीच नाही. तीनवर केला, तरी शांतता. चारवर नेला तेव्हा डॅशबोर्डच्या आतून एकदम मोठा आवाज झाला आणि हवा सुटली. आई दचकली. म्हणाली, "काय रे झालं?"

चारवर का होईना, चालतोय, म्हणून पुढे निघालो. काच साफ झाली. मग वीस-पंचवीस मिनिटांनी तो आवाजही बसला. हवा बंद. एसीचं बटण लागलेलं, दिवा लागलेला, पण हवाच नाही. दोन मिनिटांत काच दुधासारखी झाली. आईने पदराचं टोक घेऊन माझ्या समोरची काच पुसायला सुरुवात केली. ती पुसायची, मी वीतभर गोलातून दिसेल तेवढा रस्ता बघायचो, पुन्हा वाफ धरायची. "थांब बाबा कुठेतरी, काही घाई नाही आपल्याला," असं ती दोनदा म्हणाली. तिचा आवाज नेहमीसारखाच होता, पण पदर घट्ट धरलेला हात मी पाहिला. एका टपरीपाशी गाडी बाजूला घेतली, दोन्ही खिडक्या चार बोटं खाली केल्या आणि चहा घेतला. पंधरा मिनिटांनी नॉब चारवर केला तर ब्लोअर पुन्हा सुरू! तसेच मुळशी, पौड, पिरंगुट करत घरी पोचलो.

पावसाळ्यात घाटातून जाणाऱ्या माणसाला ब्लोअर ब्रेकइतकाच लागतो, हे त्या दिवशी मला कळलं. आपल्याकडे थंडीचा हीटर कुणाला फारसा लागत नाही, पण एसी लावून हवा काचेवर सोडली की कूलिंग कॉइल हवेतलं पाणी ओढून घेते आणि काच झपाट्याने स्वच्छ होते. ते सगळं काम त्या एका पंख्यावर आहे.

गाडी २०१२ सालची हॅचबॅक, फिरवायच्या नॉबचा साधा एसी. दुसऱ्या दिवशी गॅरेजमध्ये दाखवली. तिथल्या माणसाने नॉब फिरवून पाहिला आणि सांगितलं, "पूर्ण ब्लोअर असेंब्ली बदलावी लागेल. नऊ हजारांपर्यंत जाईल. दोन दिवस गाडी ठेवा." मी विचारलं, चारवर चालतोय तर मोटर खराब कशी? त्यावर "साहेब, हे असंच असतं" एवढंच उत्तर मिळालं. मी गाडी घेऊन परत आलो. चारवर चालतो ही एक गोष्टच पुष्कळ काही सांगत होती, असं मला वाटत होतं, आणि ते मला स्वतः तपासून बघायचं होतं.

साध्या नॉबच्या गाडीत ब्लोअरचा वेग कसा बदलतो ते समजलं की निम्मं निदान घरबसल्या होतं. मोटर बारा व्होल्टची. चारवर तिला बॅटरीचा सगळा जोर थेट मिळतो. वेग कमी करायचा असेल तर वाटेत रेझिस्टन्सच्या, म्हणजे करंटला अडवणाऱ्या, तारा घालतात. तीनवर एक तार, दोनवर दोन, एकवर तिन्ही. या तीन तारांचा संच म्हणजे ब्लोअर रेझिस्टर, तळहातावर मावेल एवढी वस्तू. या तारा भरपूर तापतात, म्हणून ती वस्तू ब्लोअरच्या पुढे, हवेच्या झोतातच बसवलेली असते. जो पंखा तो चालवतो तोच त्याला थंड ठेवतो. शिवाय त्याच्यावर एक छोटासा थर्मल फ्यूज असतो. तारा प्रमाणाबाहेर तापल्या की तो उडतो आणि एक, दोन, तीन हे तिन्ही वेग एकदम जातात. चार मात्र राहतो, कारण चारचा रस्ता त्या तारांतून जातच नाही.

म्हणजे चारवर चालतोय याचा अर्थ मोठा फ्यूज चांगला, रिले (मोटरचा करंट चालू-बंद करणारा स्विच) चांगला, अर्थिंग चांगलं आणि मोटरही निदान फिरतेय. फक्त एकच वेग गेला असता तर एखादी तार तुटली किंवा नॉबच्या स्विचचा तेवढा पॉइंट गेला असं म्हणता आलं असतं. तिन्ही एकदम गेले म्हटल्यावर बोट रेझिस्टरकडेच जात होतं. (ज्यांच्या गाडीत आपोआप तापमान राखणारा एसी आहे, त्यांना हे लागू नाही. तिथे या तारांऐवजी ट्रान्झिस्टरचं मॉड्यूल असतं आणि त्याची लक्षणं वेगळी.)

रविवारी सकाळी सोसायटीच्या पार्किंगमध्ये कामाला लागलो. गाडीची जागा कोपऱ्यातल्या गुलमोहराखाली आहे. हे आत्ताच सांगून ठेवतो, पुढे लागेल. डाव्या बाजूचा कप्पा रिकामा केला, त्याच्या दोन्ही बाजू आत दाबल्या की तो खाली लटकतो. मग पायाशी पाठ टेकवून, डोकं डॅशबोर्डखाली घालून वर बघायचं. माझ्या गाडीत त्या बाजूला एअरबॅग नाही. ज्यांच्या गाडीत आहे त्यांनी आधी बॅटरीची निगेटिव्ह काढून थोडा वेळ थांबावं, मगच हात घालावा. ब्लोअरच्या गोल डब्याच्या उजवीकडे पाच वायरींचा एक पांढरा कपलर, म्हणजे प्लग, दिसला. तो ज्याच्यात घुसलेला होता तोच रेझिस्टर. कपलर ओढला तो सहज निघाला नाही. हलवून हलवून काढावा लागला. दोन स्क्रू सोडवले आणि रेझिस्टर हातात आला.

स्प्रिंगसारख्या गुंडाळलेल्या तीन तारा, त्यांच्या मध्ये वाटाण्याएवढा फ्यूज आणि सगळ्यावर राखाडी धुळीचा मऊ थर. एका तारेला काहीतरी चिकटून जळलेलं होतं. नखाने खरवडलं तर काळा भुगा पडला. त्या वेळी मी त्याच्याकडे फारसं लक्ष दिलं नाही.

आता मीटर. माझ्याकडे अडीचशे रुपयांचा साधा पिवळा मल्टिमीटर आहे. अशा मीटरने इतका कमी रेझिस्टन्स मोजताना एक काळजी घ्यावी लागते: आधी दोन्ही टोकं एकमेकांना टेकवून आकडा बघायचा. माझा ०.३ ओहम दाखवत होता. तो मीटरच्या स्वतःच्या वायरींचा. प्रत्येक मापातून तेवढा वजा करायचा, नाहीतर अर्ध्या ओहमची तार मोजताना सगळा हिशेब चुकतो. मोटरकडून येणारी पिन आणि चारची पिन यांच्यात शून्य, म्हणजे पत्र्याची पट्टी सलग. तीन आणि दोनच्या पिनांत ०.७. दोन आणि एकच्या पिनांत १.२. म्हणजे दोन तारा शाबूत. मोटरची पिन आणि तीनची पिन जोडून पाहिली तर मीटरच्या डाव्या कोपऱ्यात नुसता १, रस्ता तुटलेला. त्या दोन पिनांच्या मध्ये तिसरी तार आणि तो वाटाणा होता. तारेच्या दोन टोकांना मीटर लावला तर ०.४ आला. उरला वाटाणा. गेला होता तो थर्मल फ्यूज.

इथे एक मोह होतो. आमच्या कोपऱ्यावरचे वायरमनकाका माझ्या ओळखीचे, मनाने फार चांगले. त्यांना रेझिस्टर दाखवला तर म्हणाले, "अरे, दोन मिनिटांचं काम. फ्यूज डायरेक्ट करतो, घेऊन जा." मी नको म्हटलं. तो फ्यूज कशासाठी आहे ते त्यांना सांगितलं. समजा मोटर जाम झाली आणि नॉब एकवर असला, तर सगळा करंट त्या तारांतून वाहणार आणि वाऱ्याचा टिपूसही नसणार. लालभडक तारा आणि भोवती प्लॅस्टिकचा डबा. ब्रिटनमध्ये व्हॉक्सहॉलच्या झाफिरा बी गाड्यांना आगी लागल्या, तेव्हा २०१५ मध्ये कंपनीने २ लाख ३० हजारांहून जास्त गाड्या तपासायला परत बोलावल्या. कंपनीच्या तपासात बोट ठेवलं गेलं होतं ते नेमकं यावरच: ब्लोअरच्या रेझिस्टरच्या थर्मल फ्यूजची चुकीच्या पद्धतीने केलेली दुरुस्ती. काकांनी शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाले, "आम्ही तर वर्षानुवर्षं करतोय हे. पण तू म्हणतोस तसं असेल तर नको. आपली आईमाणसं बसतात गाडीत."

नाना पेठेत गेलो. दुकानदाराने जुना रेझिस्टर उलटसुलट करून बघितला, न विचारताच मॉडेल आणि साल सांगितलं आणि दोन खोकी काउंटरवर ठेवली. एक २८०ला, एक ७८०ला. मी दोन्हींच्या तारा बघितल्या. स्वस्तातल्याच्या तारा अंगाने बारीक होत्या आणि त्याच्यावर फ्यूज दिसतच नव्हता. ७८०चा घेतला. घरी येऊन मीटर लावला: तीनला ०.४, दोनला १.१, एकला २.३. बसवला, कपलर लावला. त्या कपलरची एक पिन आतून पिवळसर झालेली दिसली होती. झिरो पेपरने घासून साफ केली आणि लावून टाकला. किल्ली फिरवली, नॉब एकवर. हळुवार वारा आला. दोन, तीन, चार, सगळं चालू. आई गॅलरीतून बघत होती, तिला हात करून सांगितलं.

एकोणीस दिवसांनी, श्रावणात, ऑफिसहून परत येताना एक-दोन-तीन पुन्हा बंद.

याचा मला खूप त्रास झाला. पैशांपेक्षा जास्त त्रास याचा की माझं निदान मीटरने सिद्ध झालेलं होतं, भाग चांगला घेतला होता, तरी तो गेला. त्यात गणपती तीन आठवड्यांवर आले होते. गणपतीला गावी जाणं म्हणजे पुन्हा ताम्हिणी, पुन्हा आई शेजारी. त्या रात्री जुना आणि नवा, दोन्ही रेझिस्टर टेबलावर शेजारी ठेवून बसलो. दोघांचाही फ्यूजच गेलेला. फ्यूज उडतो तेव्हा तो आपलं काम करत असतो. तेव्हा विचारायचा प्रश्न हा होता की तारा इतक्या तापतात कशामुळे? उत्तरं दोनच निघतात. एक तर त्यांच्यातून करंट जास्त जातोय, नाहीतर त्यांच्यावरून वारा कमी जातोय. मी दोन्ही मोजायचं ठरवलं.

करंट मोजायला साधा मल्टिमीटर चालत नाही. त्याची मर्यादा बहुधा दहा अँपियर असते आणि ब्लोअर चारवर त्याहून जास्त ओढतो. सोसायटीच्या इलेक्ट्रिशियनकडून क्लॅम्प मीटर आणला तर तो शून्यच दाखवत राहिला, कारण तो फक्त घरातल्या विजेच्या एसी, म्हणजे उलटसुलट वाहणाऱ्या, करंटचा होता. गाडीला डीसी, म्हणजे एकाच दिशेने वाहणारा करंट, मोजणारा क्लॅम्प लागतो. तो ऑफिसमधल्या एका सहकाऱ्याकडे मिळाला. ब्लोअरकडे जाणारी एकच वायर पकडायची, दोन्ही एकत्र पकडल्या तर बेरीज-वजाबाकी होऊन शून्य येतं. इंजिन चालू, बॅटरीवर १३.८ व्होल्ट. चारवर आकडा आला १७ अँपियर. एक-दोन-तीनचे आकडे घेण्यासाठी अजून एक ७८०चा रेझिस्टर आणावा लागला. तो लावून एकवर मोजलं, ४.४.

हे आकडे जास्त की योग्य? हे मला कोणी सांगणार नव्हतं. तेव्हा आठवलं की भाऊजींकडे अगदी हीच गाडी आहे, दोनच वर्षांनी नवी. त्यांना फोन केला, ते रविवारी घेऊन आले. त्यांच्या गाडीचे आकडे: चारवर १३, एकवर ३.६.

एकवरचा फरक कानाला फार वाटत नाही, एक अँपियरसुद्धा नाही. पण उष्णता करंटच्या वर्गाने वाढते. ३.६चा वर्ग गुणिले २.३ म्हणजे साधारण ३० वॅट. ४.४चा वर्ग गुणिले २.३ म्हणजे जवळजवळ ४५ वॅट. आपण सोल्डरिंगला वापरतो ते आयर्न २५ वॅटचं असतं. म्हणजे त्या तळहाताएवढ्या वस्तूत जवळपास दोन सोल्डरिंग आयर्न कायम चालू. आणि मोटर जड फिरतेय म्हणजे वेग कमी, म्हणजे थंड करायला वाराही कमी. दोन्ही बाजूंनी मार.

भाऊजी म्हणाले, "फिल्टर तुंबला असेल, म्हणून मोटरला जोर लागतो." मलाही तसंच वाटत होतं, सगळे तसंच सांगतात. कप्प्यामागचं झाकण काढून फिल्टर ओढला. पांढरा असायला हवा तो काळा-करडा, आणि त्याच्या घड्यांमध्ये ठासून भरलेली गुलमोहराची पानं. गुलमोहराची पानं कशी असतात हे माहीत आहेच, तांदळाच्या दाण्याएवढ्या बारीक बारीक पर्णिका. त्या वाळून, चुरून, ओल्या होऊन त्यांचा लगदा झाला होता. फिल्टर नसताना क्लॅम्प लावला. मला वाटलं होतं करंट खाली येईल. तो वर गेला, १७चा १८ झाला. भाऊजी आणि मी एकमेकांकडे बघत राहिलो. पुन्हा फिल्टर घातला, पुन्हा १७.

थोडा विचार केल्यावर उलगडलं. हा पंखा घरच्या छताच्या पंख्यासारखा नाही, पिंपासारखा आहे, हवा मध्ये ओढून कडेने फेकणारा. त्याची वाट अडवली की तो कमी हवा ढकलतो, म्हणून त्याला काम कमी पडतं आणि करंट उलट उतरतो. तेव्हा तुंबलेल्या फिल्टरचा दोष वेगळा होता. त्याने मोटरवर भार टाकला नव्हता, रेझिस्टरचा वारा तोडला होता. जास्तीच्या करंटचं कारण अजून सापडायचंच होतं.

मोटर तीन स्क्रूंवर लटकलेली असते, खालून उतरवता येते. ती काढून हातात घेतली आणि पंख्याला बोटाने झटका दिला. अर्धा फेराही पूर्ण न करता थांबला. चांगली मोटर झटक्यावर आपणहून काही फेरे घेते. पंख्याच्या पात्यांमध्ये एका बाजूला तीच गुलमोहराची पानं चिकटून बसलेली, त्यामुळे चाक एका अंगाला जड झालेलं. आणि मोटरचा दांडा जिथे बुशमध्ये, म्हणजे त्याला धरणाऱ्या कड्यात, शिरतो तिथे तांबूस पूड. बोटाला लागली ती चोळून पाहिली. गंज.

आत, सगळ्या बाजूंनी झाकलेल्या मोटरला गंज कुठून?

पाण्याचा माग काढत वर गेलो. ब्लोअरला बाहेरची हवा येते ती काचेच्या खालून, वायपरजवळच्या प्लॅस्टिकच्या जाळीतून. त्या जाळीखाली एक पन्हाळीसारखी जागा असते, पावसाचं पाणी तिच्यात पडतं आणि दोन्ही टोकांच्या भोकांतून चाकांच्या बाजूने खाली निघून जातं. वायपरचे दोन्ही दांडे काढले, जाळीच्या खिट्ट्या सोडवल्या, जाळी उचलली. पन्हाळीत चार बोटं काळा चिखल होता. पानांचा, फुलांच्या देठांचा, धुळीचा. डाव्या बाजूचं भोक पूर्ण बुजलेलं. आणि ब्लोअरच्या तोंडाचा काठ त्या चिखलापासून जेमतेम दोन बोटं वर. धो धो पावसात पन्हाळी भरायची, पाण्याला खाली वाट नाही, मग ते काठावरून थेट ब्लोअरवर उतरायचं. म्हणजे ताम्हिणीत आई पदराने काच पुसत होती तेव्हा हेच चाललेलं असणार.

झाफिराच्या प्रकरणाचा पुढचा भाग मी तेव्हा जाऊन वाचला, तोवर पहिलाच वाचला होता. २०१६ मध्ये त्या गाड्या पुन्हा बोलावल्या गेल्या, आणि या वेळी कारण होतं मोटरमध्ये पाणी शिरून ती गंजणं. रेझिस्टरसोबत मोटरही बदलली गेली. २०१७ मध्ये ब्रिटिश संसदेच्या वाहतूक समितीने यावर अहवाल दिला. माझ्या गुलमोहराखालच्या गाडीत जे घडत होतं त्याची साखळी तिकडे आधीच लिहिली गेली होती.

वायरमनकाकांना मोटर दाखवली. त्यांनी पंखा फिरवून, कान लावून ऐकलं. म्हणाले, "तेलाचा थेंब सोडला तर फिरेल मोकळी. पण महिनाभर. गंज धरलेला बुश परत नीट होत नाही." त्यांच्या सांगण्यावर मी नवी मोटर घेतली, बावीसशे रुपयांना. मग त्यांनीच कपलर हातात घेतला आणि उजेडात धरला. "हे बघितलंस का?" मोटरच्या पिनेभोवतीचं प्लॅस्टिक तपकिरी होऊन वितळलं होतं, आतली पट्टी सैल पडली होती. मी झिरो पेपरने घासलेली पिन तीच. मोटरचा सगळा करंट, कोणत्याही वेगावर, त्या एका पिनेतून जातो. सैल पिन तापते, तापली की अजून सैल होते. घाटात चारसुद्धा बंद पडून चहा घेईपर्यंत पुन्हा का सुरू झाला, याचा उलगडा तिथे झाला. चारचा रस्ता तारांतून जात नसला तरी जातो याच कपलरमधून. तापून संपर्क सुटला, थंड होऊन पुन्हा जुळला.

काकांकडे तयार वायरींसकट नवा कपलर होता, दीडशे रुपयांचा. त्यांनी जोड कसे द्यायचे ते मला शेजारी बसवून दाखवलं. पाचही वायरी एकाच ठिकाणी न कापता पुढेमागे कापायच्या, म्हणजे जोड एकमेकांना भिडत नाहीत आणि गुठळी होत नाही. तांबं उघडं केलं की त्याचा हिरवट-काळपट थर खरवडून चमक येईपर्यंत साफ करायचं. जोडाच्या नळीत दोन्ही टोकं घालून पकडीने दाबायचं आणि मग ओढून बघायचं, अगदी जोर लावून. "हाताने निघाला तर घाटात निघणारच," काका म्हणाले. वरून स्लीव्ह चढवून लायटरने आखडवली. जुनी टेप गुंडाळायला त्यांनी मला हात लावू दिला नाही. "उन्हाळ्यात डॅशबोर्डखाली टेपचा गोंद सुटतो. ही चूक मी पूर्वी खूप गाड्यांत केलीय."

बाकीचं पटकन झालं. पन्हाळीतला चिखल दोन घमेली निघाला. भोकात जाड वायर सारून ते मोकळं केलं आणि तांब्याभर पाणी ओतलं. डाव्या चाकामागे धार पडलेली ऐकू आली, इतका चांगला आवाज त्या महिन्यात दुसरा ऐकला नव्हता. नवा फिल्टर अडीचशेचा. मोटर, रेझिस्टर, कपलर बसवले. क्लॅम्प लावला: चारवर १३, एकवर ३.७. भाऊजींना फोन करून आकडे सांगितले, ते पलीकडून "वा!" म्हणाले. एकवर अर्धा तास चालवून कपलरला हात लावला, कोमट. दोन्ही रेझिस्टर धरून सगळ्याचा खर्च चार हजारांच्या थोडा वर गेला. सुरुवातीलाच पन्हाळी आणि मोटर बघितली असती तर एक रेझिस्टर वाचला असता. म्हणून कोणाचा ब्लोअर फक्त चारवर चालत असेल तर माझं कळकळीचं सांगणं आहे, रेझिस्टर काढलाच आहे तर त्याच वेळी मोटर उतरवून बोटाने फिरवून बघा आणि वायपरखालची जाळी उचला. पंधरा मिनिटं जास्त लागतात.

गणपतीच्या आदल्या दिवशी पहाटे निघालो. मुळशी ओलांडल्यावर पावसाने गाठलं, ताम्हिणीत तर दिवसाढवळ्या दिवे लावावे लागले. नॉब दोनवर, हवा काचेवर. आई सवयीने पदराचं टोक हातात धरून बसली होती. निव्याच्या पुढे कधीतरी मी बघितलं तर तो तिने खांद्यावर टाकला होता आणि ती धबधबे बघत होती.

तिला मी सगळं सांगितलं होतं, पानं, पन्हाळी, गंज, सगळं. गौरी-गणपती झाले आणि मी परत निघालो, ती गावीच राहणार होती. गाडी अंगणात फणसाखाली होती. सामान ठेवून बाहेर आलो तर आई बॉनेटवर ओणवून नारळाच्या हिराने जाळीच्या फटीतून एकेक पान उकरून काढत होती. काढलेली पानं डाव्या तळहातावर जमवत होती, खाली टाकत नव्हती. झाल्यावर तिने नव्या झाडूतले आठ-दहा हीर मोडून घेतले, त्यांना सुतळी बांधली आणि डॅशबोर्डच्या कप्प्यात ठेवून दिले.